पाठमोऱ्या माणसाचं वाक्य

१

आमच्या धंद्यात म्हणतात, नट पाठमोरा असला की देव पावला. ओठ दिसत नाहीत, त्यामुळं पाठीवर हवं ते वाक्य बसवता येतं. तोंड समोर असलं की मात्र नाकी नऊ येतात. त्यानं तोंड उघडलं की आपण उघडायचं, त्यानं मिटलं की मिटायचं, आणि मध्ये रडायचं असेल तर तेही त्याच्याच मापानं.

मी मेब्रुरे. इस्तंबूलच्या बेयोउलू भागात, एका गल्लीतल्या तळघरात माझी अर्धी हयात गेली. आवाज घुमू नये म्हणून तिथं भिंतींना जुन्या रजया ठोकलेल्या. थंडीत शेगडी विझवायची, कारण कोळसा तडतडला की तोही मायक्रोफोनमध्ये शिरतो. वरून ट्राम गेली की सगळे जिथल्या तिथं गप्प, आणि ती गेली की पुन्हा सुरू. आमच्याकडं सिनेमे मुकेच काढायचे. कॅमेऱ्याशेजारी बसून एकजण मोठ्यानं वाक्यं सांगायचा, नट ती म्हणायचे, आणि ते सगळं बोलणं हवेत जायचं. आवाज आम्ही मागाहून तळघरात चढवायचो. निम्म्या इस्तंबूलनं पाहिलेल्या खाष्ट सासवा माझ्या गळ्यातून बोलल्या आहेत. मला स्वतःला मूलबाळ झालं नाही, पण सुनांना मी शिव्या झकास दिल्या.

काम साधं असतं. एका वाक्यापुरता फिल्मचा तुकडा घ्यायचा, त्याची दोन टोकं जोडून माळ करायची आणि ती यंत्रावर चढवायची. मग तेच वाक्य पडद्यावर फिरून फिरून येत राहतं आणि आपण त्यावर तोंड बसवत राहतो. सकाळपासून संध्याकाळपर्यंत फिरवा, नट तीच पापणी त्याच जागी मिटतो. त्यात बदल होत नाही. होऊच शकत नाही.

हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं ऐकून लोक माझ्याकडं कीव आल्यासारखं बघतात आणि चहा पुढं करतात. मला चहा नको असतो.

२

माझा नवरा शेमसी. नाव तुम्ही ऐकलं नसेल, चेहरा मात्र नक्की पाहिला असेल. नायकाच्या खांद्यामागं उभा असतो तो कॉफीवाला, वाईट बातमी आणणारा पोस्टमन, मुलीला निरोप देताना डोळे पुसणारा बाप. मुक्या सिनेमाच्या काळात त्याला जरा बरी कामं मिळाली. पडदा बोलायला लागला आणि याची गाडी घसरली. चेहरा एवढा रुबाबदार आणि आवाज बारीक, सर्दी झालेल्या पोरासारखा. मग त्याला म्युनिफ बेचा आवाज लावायला लागले; बे म्हणजे आमच्याकडचं 'राव'. म्युनिफ बे म्हणजे ढेरपोट्या, बुटका, रंगमंचावर कधी नायक न झालेला माणूस, पण बोलला की वाटावं विहिरीतून कुणी पीर बोलतोय. एकाचं तोंड आणि दुसऱ्याचा गळा, असा तो संसार पुरी वीस वर्षं चालला.

मासळीबाजारात लोक शेमसीला ओळखायचे. एकदा एका मासेवाल्यानं हट्टच धरला, तेवढं सिनेमातलं ते वाक्य म्हणून दाखव, मग हे बांगडे फुकट घेऊन जा. शेमसीनं म्हटलं. मासेवाल्यानं मान हलवली आणि म्हणाला, "छे, तू तो नव्हेस." बांगडे दिले नाहीत. भोवतालचे हसले, शेमसीही हसला. घरी येताना चढावर तो काही बोलला नाही, आणि मी त्याचा हात घट्ट धरून चालले. माझ्या माणसाला त्याच्याच तोंडावर कुणी परका म्हटलं, याचं दुःख मला आजही आहे.

पुढं त्याच्या घशात गाठ झाली आणि होता तो आवाजही गेला. मी ओठ वाचायला शिकले. सुरुवातीला तो चहा मागायचा आणि मी उठून खिडकी उघडायचे. नंतर इतकी तरबेज झाले की तो अंधुक उजेडात पुटपुटला तरी कळायचं. खरं सांगते, इतक्या गप्पा आम्ही आधी कधी मारल्या नव्हत्या.

त्याच दिवसांत सुआवी बे नावाच्या दिग्दर्शकानं त्याला बापाचं काम दिलं. मी म्हटलं, अरे, तुला आवाज नाही, त्याला सांगायला नको का. शेमसी हसला आणि ओठांनी म्हणाला, "वीस वर्षांत कुणी माझा आवाज ऐकलाय, म्हणून आता गेलेला कळेल?"

आणि कुणाला कळलं नाही. काम करून आला.

तो गेला दुपारी, इस्पितळात. भेटीची वेळ संपली होती, मी खाली फाटकाशी होते. वर सोडलं तेव्हा नर्सनं त्याची हनुवटी पांढऱ्या पट्टीनं बांधून गाठ डोक्यावर मारलेली होती. तोंड उघडं राहू नये म्हणून सगळ्यांचीच बांधतात. मला त्याचे ओठ बघायचे होते, आणि ते असे आवळून बंद केलेले.

३

गेलेल्याच्या नावानं करतात तो रव्याचा शिरा शेजारीपाजारी वाटून झाला, येणारीजाणारी थांबली, आणि एका सकाळी सुआवी बेचा निरोप आला. तळघरात गेले तर म्युनिफ बे घाम पुसत बसलेला. त्या थंडीत घाम. मला बघून उठला, "वहिनी, माफ करा" म्हणाला आणि आपली खुर्ची पुढं सरकवली.

सुआवी बे वैतागलेला होता. म्हणाला, शेमसीच्या तोंडावर वाक्यच बसत नाही. सांगणारा एक सांगत होता आणि हा भलतंच काही म्हणत होता, तेव्हा कुणाच्या ध्यानात आलं नाही. आता तो नेमकं काय म्हणतोय ते कळलं, तर त्याच मापाचं नवं वाक्य लिहून घेता येईल. "तुम्हाला त्याचे ओठ कळायचे म्हणतात. एवढं उपकाराचं काम करा."

मी म्हटलं, लावा.

बारकेव उस्तानं यंत्र सुरू केलं. हा आमचा यंत्रवाला, हातात कसब म्हणून उस्ता, म्हातारा अर्मेनियन, बोलायचा कमी आणि खोकायचा जास्त. पडद्यावर दार आलं. दारात शेमसी, अंगात जाड कोट, हातात पाण्याचा तांब्या. मुलगी सासरी निघाली आहे, तिच्या पाठीमागं पाणी ओतायचं, म्हणजे ती पाण्यासारखी जाईल आणि पाण्यासारखी परत येईल. तो सरळ आमच्याकडं तोंड करून म्हणणार होता, "जा पोरी, मागं वळून बघू नकोस."

त्याचे ओठ हलले.

"मेब्रु," तो म्हणत होता, "मफलर घेतलास का?"

मी हसले. हसता हसता रडले. लबाड माणूस. मागाहून हे मीच वाचणार हे त्याला ठाऊक होतं, म्हणून मुद्दाम घरचं बोलून ठेवलेलं. मी सुआवी बेला सांगितलं आणि तो शिव्या घालत, तरी डोळे पुसत, माप मोजायला बसला.

मी म्हटलं, अजून थोडा वेळ फिरू द्या, मला नीट बघायचंय. नवरा गेलेल्या बाईला कोण नाही म्हणतो? ते वर चहाला गेले. माळ फिरत राहिली.

शेमसी दारात आला. तांब्या उचलला. पापणी मिटली, उघडली.

"शेगडी विझवलीय वाटतं," त्याचे ओठ म्हणाले. "बोटं गार पडली असतील तुझी."

४

मी बारकेव उस्ताला विचारलं, तुकडा बदललास का. तो म्हणाला, बदलायला दुसरा आहेच कुठं, हा बघा, इथं जोड आहे. मी स्वतः उठून बघितलं. माळ तीच होती, कंबरेएवढ्या घेराची, चिकटवलेली जागा बोटाला लागत होती.

मग मी स्वतःची समजूत घातली. झोप नाही, पोटात धड अन्न नाही, डोळे रडून सुजलेले. माणूस जे ऐकायला तळमळतो तेच त्याला ऐकू येतं. बाजारात पाठमोरा कोट दिसला तरी माझा जीव वर-खाली व्हायचा, मग हा तर साक्षात तोच. यंत्राची गती कमीजास्त झाली तरी ओठ वेगळे वाटतात. अशी कारणं मी एकापुढं एक मांडली आणि सगळी पटली.

पटली, तरी दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुन्हा तळघराच्या दारात.

म्युनिफ बेला सांगितलं, माझ्याकडून वाचण्यात चूक झालीय, वाक्य अजून पक्कं नाही. खोटं बोलले. बारकेव उस्तानं माळ चढवली आणि मी पडद्यासमोर खुर्ची ओढून बसले. त्या दिवशी शेमसीनं मला जिन्यावरच्या मांजरीचं विचारलं. कुंडीतल्या तुळशीला पाणी घाल म्हणाला. आमच्या खिडकीत तुळस होती, डासांसाठी लावलेली, आणि ती मी खरंच वाळवली होती. मी हळू आवाजात उत्तरं देत होते. काय सांगू, किती सुखात होते मी. बाहेर दिवस कसा जायचा ते मला कळायचं नाही.

फक्त एक होतं. त्याचे केस. चित्रीकरणाच्या दिवशी मीच ते विंचरून दिले होते, कोरडे, मागं वळवलेले. पडद्यावर ते कपाळाला चिकटलेले दिसत होते. कोटाची कॉलर काळपट ओली. मला वाटलं, तांब्यातलं पाणी सांडलं असेल.

तांब्या तर भरलेलाच होता. आणि आमच्यात माणसाला शेवटचं न्हाऊ घालतात तेव्हा पाणी डोक्यावरून सोडतात.

५

आमच्याकडं रीत अशी. लांब निघालेला माणूस जवळच्यांना म्हणतो, तुझं माझ्याकडं काही राहिलं असेल तर हलाल कर. भरवलेला घास, काढलेली रात्र, गाळलेले अश्रू, दुखवलेलं मन, जे काही एकाचं दुसऱ्याकडं राहतं ते. समोरच्यानं म्हणायचं, हलाल असो, आणि तुझंही हलाल कर. तेव्हा कुठं दोघं मोकळी. कुणी तसाच मेला तर नमाजाच्या वेळी इमाम जमलेल्यांना विचारतो, हलाल करता का? तेही तीनदा. रांगेतले पुरुष तीनदा म्हणतात, हलाल असो.

शेमसीच्या वेळी मासेवालाही रांगेत होता. मेल्यानं खणखणीत आवाजात म्हटलं. बायका मागं अंगणाच्या भिंतीशी उभ्या होत्या, मीही तिथंच. ज्या बाईनं त्याच्याबरोबर जन्म काढला, तिला कुणी विचारलं नाही. मीही तोंड उघडलं नाही. वाटलं, हलाल असो म्हटलंच नाही तर तेवढा तरी धागा राहील.

तिसऱ्या दिवशी तळघरात माळ फिरली आणि शेमसी म्हणाला, "मेब्रु, हलाल कर."

मी खुर्ची थोडी मागं सरकवली.

माळ फिरली. दार, तांब्या, पापणी. "हलाल कर."

मी त्याला मांजरीचं सांगितलं. तुळशीला पाणी घातल्याचं सांगितलं. तो ऐकत नव्हता. तेच म्हणत होता, आणि दर फेरीला त्याचे ओठ थोडे कमी उघडत होते. आधी मला वाटलं यंत्र अडखळतंय. मग दिसलं, ओठांना जोर करावा लागतोय. गळ्याच्या शिरा ताणल्या होत्या. खालचा जबडा वर ओढला जात होता, कुणीतरी वरून हळूहळू आवळत असल्यासारखा.

म्युनिफ बे जिना उतरून माझ्या मागं येऊन उभा राहिला. मी विचारलं, तुम्हाला काय दिसतंय? तो बराच वेळ बघत राहिला. म्हणाला, "शेमसी दिसतोय, वहिनी. आणखी काय दिसणार?" मग म्हणाला, "या दृश्यात त्याच्या दाढेत दुखत होतं का?"

मी बारकेव उस्ताला ओरडून यंत्र बंद करायला लावलं आणि घरी गेले. घरी शेगडी पेटवली. मला सोडवत नव्हतं. एकदा हलाल म्हटलं की तो जाणार, हे मला माझ्या नावाइतकं ठाऊक होतं. आणि नाही म्हटलं तर? कुणाची ती पट्टी आणि कोण आवळतंय, ते मला माहीत नव्हतं. माहीत करून घ्यायचंही नव्हतं. एवढंच कळत होतं की त्याचं तोंड मिटत चाललंय आणि तो माझ्यापाशी भीक मागतोय. जन्मभर ज्याचं बोलणं कुणी ऐकलं नाही, त्याचं मी ऐकूनही न ऐकल्यासारखं करत होते.

६

सकाळी गेले तेव्हा सुआवी बे दारातच आडवा आला. आज काय ते ठरवा म्हणाला, सिनेमा असा लटकत ठेवता येत नाही. मी म्हटलं, मायक्रोफोन लावा. तो म्हणाला, तुम्हाला कशाला? मी त्याच्याकडं असं बघितलं की त्यानं निमूट लावला. माझ्या पडद्यावरच्या सासवांचा काही उपयोग झाला असेल तर तो त्या दिवशी.

दिवे घालवले. माळ फिरली.

दार आलं. दारात तो उभा होता, पण आता त्याच्यामागं घरातलं काही दिसत नव्हतं, नुसता काळोख होता. केसांतून पाणी ठिबकत होतं. तांब्या हातात कलला होता. आणि हनुवटीखालून कानांवरून वर गेलेलं पांढरं काहीतरी, एका पळापुरतं दिसलं. मी गाठ बघायला नजर वर नेली तोवर फेरी संपली.

पुन्हा दार. ओठ घट्ट मिटलेले होते. मधोमध एवढीशी फट, तीही थरथरणारी. त्यातून शब्द निघत नव्हता, पण डोळे बोलत होते, आणि ते मला वाचता येत होते.

मी मायक्रोफोनपाशी गेले, आणि ट्रामची घंटा वाजत होती तरी थांबले नाही.

"हलाल असो, शेमसी," मी म्हटलं. "भरवलेलं, जागलेलं, रडलेलं, सगळं हलाल. मासळीबाजाराच्या चढावर तू जे बोलला नाहीस तेही हलाल."

माळ फिरली. त्याचा चेहरा कोरडा होता. केस मी विंचरले तसे. हनुवटी मोकळी. तो माझ्याकडं बघून हसला, आमच्या घरचं हसू, कुठल्या सिनेमात न दिलेलं.

मग मला माझं आठवलं. रीत दोघांची असते. माझ्याकडंही त्याचं राहिलं होतंच की. मी घाईघाईनं म्हटलं, "आणि तुझं? तू करशील मला हलाल?"

त्यानं तोंड उघडायला सुरुवात केली, आणि वळला. दाराकडं वळला, पाठ माझ्याकडं झाली. खांदे हलले, मान किंचित खाली गेली. तो काहीतरी बोलत होता. एक पूर्ण वाक्य बोलला. मग तांब्यातलं पाणी स्वतःच्याच मागं, माझ्या बाजूला, उंबऱ्यावर ओतलं, आणि चौकट रिकामी झाली.

माळ फिरली. दार, पाठ, पाणी, रिकामी चौकट. पुन्हा तेच. पुन्हा तेच. मी कितीदा बघितलं असेल कोण जाणे. त्यात बदल झाला नाही.

७

सुआवी बे म्हणाला, अरे, हा तर पाठमोराच आहे, मग इतके दिवस कसली बोंबाबोंब चालली होती? त्याला खरंच आठवत नव्हतं. बारकेव उस्ता खोकला आणि म्हणाला, मी यंत्र बघतो, माणसं बघत नाही. कदाचित दृश्य पहिल्यापासून असंच असेल. रडक्या डोळ्यांनी मी पाठीवर तोंड बघितलं असेल. हेही मी स्वतःला सांगून बघितलं आहे, आणि वाटलं तर तुम्हीही तसंच धरून चाला.

म्युनिफ बे मात्र माझ्याकडं बघत होता. मायक्रोफोनसमोर उभा राहिला, गळा साफ केला, आणि हळूच विचारलं, "वहिनी, पाठ आहे. काहीही बसेल. काय म्हणू?"

सुआवी बेच्या कागदावर होतं, जा पोरी, मागं वळून बघू नकोस. ते छान बसलं असतं.

मी म्हटलं, "हलाल असो, म्हणा."

त्यानं म्हटलं. त्या विहिरीतल्या आवाजात, पण इतकं हळू की पहिल्यांदाच वाटलं, शेमसी असता तर असंच म्हणाला असता. सुआवी बेनं आपला कागद घडी घालून खिशात ठेवला. वाक्य राहिलं.

सिनेमा लागला तेव्हा त्या जागी लोक रडायचे. मासेवालाही येऊन गेला, आणि मला बाजारात गाठून म्हणाला, काय बोललाय तुमचा माणूस, काळीज हललं. मी मान हलवली. थिएटरात तो लागला होता तोवर मी रोज दुपारी जाऊन बसायचे, पहिल्या रांगेत, मफलर गुंडाळून. तो वळायचा, खांदे हलायचे, आणि म्युनिफ बेचा आवाज माझं मागणं मला देऊन टाकायचा.

ते वाक्य माझं होतं. शेमसी माझ्याकडं पाठ करून काय म्हणाला, ते मला अजून माहीत नाही.